उकिडवं बसून केलेली उमेदवारी

५ ऑक्टोबर २०२२. ओकलंडचं कॉलिझियम हे बेसबॉलचं जुनाट मैदान, हंगामाचा शेवटचा दिवस, आणि घरचा संघ शंभराच्या वर सामने हरून बसलेला. त्या दिवशी सदतीस वर्षांचा स्टीव्हन व्होट बॅट घेऊन निघाला, तेव्हा ध्वनिक्षेपकावरून नेहमीच्या निवेदकाऐवजी त्याच्या मुलांचा आवाज आला. आमचे बाबा खेळायला येताहेत, असं मुलांनी जाहीर केलं. सामन्यातल्या शेवटच्या खेपेला बाबांनी चेंडू कुंपणापलीकडे धाडला आणि खेळाचं दुकान कायमचं बंद केलं.

याच मैदानावर २८ जून २०१३ ला त्याचा मेजर लीगमधला, म्हणजे अमेरिकन बेसबॉलच्या सर्वोच्च पातळीवरचा, पहिला हिट (यशस्वी फटका) लागला होता. तोही होमरन, म्हणजे थेट कुंपणापलीकडे. त्याआधी लागोपाठ ३२ प्रयत्न कोरडे गेले होते. त्यातले २५ टॅम्पा बेकडून, आणि मग त्या संघानं त्याला थोड्या रोख पैशांवर ओकलंडला देऊन टाकलं होतं. पुढे मिलवॉकी, सॅन फ्रान्सिस्को, ॲरिझोना, अटलांटा आणि फिरून ओकलंड. मधल्या काळात दोनदा ऑल-स्टार (हंगामातल्या निवडक खेळाडूंत निवड), एक अख्खा हंगाम खांद्याच्या शस्त्रक्रियेत गेलेला. बारा गावचं पाणी प्यायलेला कॅचर, म्हणजे बेसबॉलचा यष्टिरक्षक, म्हणतात तो हाच.

निवृत्तीनंतर वर्षभर सिॲटलमध्ये बुलपेनचा, म्हणजे राखीव पिचर (गोलंदाज) जिथे तयार होतात त्या जागेचा, कोच, आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये क्लीव्हलँड गार्डियन्सनं त्याला थेट मॅनेजर केलं. बेसबॉलमध्ये मुख्य प्रशिक्षकाला मॅनेजर म्हणतात. व्होटनं त्याआधी कुठल्याही पातळीवरचा संघ चालवलेला नव्हता, आणि खुर्ची होती टेरी फ्रँकोनासारख्या मुरलेल्या माणसाची. २०२४ मध्ये ९२ विजय, गटात पहिला क्रमांक आणि अमेरिकन लीगमधल्या (मेजर लीगच्या दोन भागांपैकी एक) सर्वोत्तम मॅनेजरचा किताब. २०२५ मध्ये डेट्रॉइटपेक्षा साडेपंधरा सामने मागे पडलेला संघ त्यानं पुढे काढला, आणि किताब पुन्हा त्याच्याकडेच आला.

ही गोष्ट अमेरिकेत चमत्काराच्या सुरात सांगितली जाते. जिद्द, श्रद्धा, हार न मानणं वगैरे. मला त्यात चमत्कार दिसत नाही. दिसते ती सरळ साधी उमेदवारी, लोहाराच्या किंवा सुताराच्या हाताखाली पोरगा करतो तशी. आणि उमेदवारी म्हटली की दोन प्रश्न विचारावे लागतात: उमेदवाराच्या पोटाचं कोण बघत होतं, आणि हाताखाली घेताना कोणाला घेतलं, कोणाला दारातूनच परत पाठवलं? बेसबॉलनं दोन्ही प्रश्न फार वर्षं टाळले.

आधी काम काय ते पाहू. आपल्याकडे गल्लीत ज्याला ना बॅटिंग ना बोलिंग, त्याला यष्टींमागे उभं करायची रीत आहे. मग तोच पोरगा दिवसभर बडबड करत सगळ्यांची फील्डिंग लावत बसतो. कॅचरचं तसंच, पण पन्नासपट. मैदानावर संघाचे नऊ जण असतात. आठांची तोंडं एका दिशेला, कॅचरचं उलट. अख्खं मैदान समोर दिसतं ते एकट्यालाच. एका सामन्यात शंभरदीडशे वेळा तो उकिडवं बसतो आणि प्रत्येक बैठकीला एक निर्णय घेतो. समोरचा बॅटर मागच्या खेपेला कुठल्या चेंडूवर फसला, आज पिचरच्या हातात काय आहे आणि काय नाही, पंच खालचा चेंडू वैध धरतोय की नाही, पहिल्या बेसवरचा धावपटू पळणार का. वर पिचरचं मन सांभाळायचं. लागोपाठ दोन हिट बसलेला पिचर म्हणजे सासरी पहिल्याच दिवशी दूध उतू घालवलेली सून. तिथे ओरडून भागत नाही. पिचरच्या टेकाडावर जायचं, तोंडासमोर ग्लव्ह धरायचा, दोन वाक्यं बोलून परत यायचं. या भेटीही आता मोजून मिळतात, २०२४ पासून संघाला सामन्यात चार.

चेहऱ्यावर जाळी, छातीवर कवच, नडग्यांवर पट्ट्या. या सरंजामाला खेळाडूंच्या बोलीत ‘अज्ञानाची अवजारं’ म्हणतात. शहाणा माणूस ती अंगावर चढवील कशाला! या शब्दाचं श्रेय अनेकदा मडी रूएल या कॅचरला दिलं जातं, आणि गंमत म्हणजे तो शिकलेला वकील होता.

बाकावर बसणाऱ्या दुसऱ्या फळीच्या कॅचरचं शिक्षण तर आणखी वेगळं. त्याला आठवड्यातून एखाददुसरा सामना. उरलेले दिवस तो बुलपेनमध्ये पिचरांचे चेंडू पकडतो, त्यांची रडगाणी ऐकतो, प्रतिस्पर्धी बॅटरांचे कागद चाळतो आणि मॅनेजरच्या शेजारी बसून पुढच्या तीन चाली मोजतो. स्वतःच्या फटक्यांचा विचार करून काही हाती लागणार नाही हे त्याला कधीच कळलेलं असतं, म्हणून तो दुसऱ्यांचा विचार करायला लागतो. कोचला हेच तर यावं लागतं. म्हणजे हा माणूस निवृत्तीनंतर कोच होतच नाही; दहा वर्षं कोचचंच काम करत असतो, फक्त पगारपत्रकावर खेळाडू म्हणून नाव असतं.

नावं बघा. ब्रूस बोची नऊ हंगाम राखीव कॅचर होता. मॅनेजर म्हणून त्यानं चार वर्ल्ड सिरीज, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम लढती, जिंकल्या, तीन सॅन फ्रान्सिस्कोत आणि २०२३ ची टेक्ससमध्ये. केव्हिन कॅशची बॅटिंगची सरासरी .१८३, म्हणजे दयनीय. टॅम्पा बेचा मॅनेजर म्हणून २०२० आणि २०२१ असे लागोपाठ दोन किताब. टोरोंटोचा जॉन श्नायडर कॅचर म्हणून मायनर लीगच्या, म्हणजे मेजर लीगखालच्या पायऱ्यांच्या, पुढे गेलाच नाही, आणि २०२५ च्या वर्ल्ड सिरीजमध्ये सातव्या सामन्याच्या अकराव्या इनिंगपर्यंत त्याचा संघ झुंजला. २०२५ चा हंगाम सुरू झाला तेव्हा तीसपैकी किमान सात संघांचे मॅनेजर जुने कॅचर होते.

इथे एक खबरदारी घ्यायला हवी, नाहीतर लेख भाबडा होईल. ‘खेळाडू म्हणून जो चालला नाही तोच चांगला गुरू होतो’ हे वाक्य ऐकायला गोड आहे, पण खरं नाही. टेड विल्यम्स हा बहुतेकांच्या मते इतिहासातला सर्वश्रेष्ठ बॅटर. १९६९ मध्ये मॅनेजर झाला आणि पहिल्याच वर्षी त्यालाही किताब मिळाला. तीन वर्षांनी त्याच्याच हाताखाली तो संघ, तोवर टेक्ससला हललेला, शंभर सामने हरला. यातून काय सिद्ध होतं? काहीच नाही. आणि कॅचर असला की शहाणपण आपोआप येतं असंही नाही. ए. जे. हिंच हा जुना कॅचर ह्यूस्टनचा मॅनेजर असताना त्याचे खेळाडू कॅमेऱ्यातून समोरच्या कॅचरच्या, पिचरला कुठला चेंडू टाकायचा ते सांगणाऱ्या, खुणा चोरत होते आणि कचऱ्याचा डबा बडवून आपल्या बॅटरला चेंडू सांगत होते. हिंचनं दोनदा मॉनिटर फोडला म्हणे, पण ‘हे बंद करा’ एवढं तोंडातून काढलं नाही. त्याची त्याला वर्षभराची बंदी झाली. ज्यानं आयुष्यभर बोटांनी खुणा केल्या त्याच्याच डगआउटमध्ये (मैदानाकडेच्या संघाच्या बैठकीत) खुणांची चोरी व्हावी, याला काय म्हणावं!

म्हणून माझा मुद्दा स्वभावाचा किंवा नशिबाचा नाही, शाळेचा आहे. कॅचरची जागा ही बेसबॉलची कोच घडवणारी शाळा आहे. कोणी ती उघडली नाही, अभ्यासक्रम छापला नाही, पण गेली शंभर वर्षं तिथून माणसं बाहेर पडताहेत. मालकांना तयार कोच मिळतो. फी मात्र विद्यार्थी भरतो.

फी किती, तेही पाहू. मेजर लीगच्या खाली मायनर लीगच्या चार-पाच पायऱ्या असतात. व्होट २००७ मध्ये संघांच्या खेळाडू-निवडीत (ड्राफ्ट) बाराव्या फेरीत निवडला गेला आणि मेजर लीगचा पहिला सामना खेळला २०१२ मध्ये. मधली वर्षं या पायऱ्यांवर. २०२२ पर्यंत सगळ्यात खालच्या पायरीवर वर्षाला ४,८०० डॉलर आणि सगळ्यात वरच्या, ट्रिपल-ए पायरीवर १७,५०० डॉलर मिळत. मार्चमधल्या सराव शिबिरांचे पैसेच नाहीत. पोरं एका खोलीत पाच-सहा जण, हवा भरलेल्या गाद्यांवर झोपत, रात्रभर बसनं प्रवास करत. त्यातही कॅचर सर्वांत आधी मैदानावर येणार आणि शेवटी जाणार, कारण प्रत्येक पिचरला सरावाला समोर कोणीतरी बसलेला लागतो. संघांना असे कॅचर मुद्दाम ठेवावे लागतात. ते वर जाणार नाहीत हे संघालाही ठाऊक असतं, बहुधा त्यांनाही. वर जाणाऱ्या पिचरांना तयार करणं एवढंच त्यांचं काम. ही नोकरी नाही तर काय आहे?

पण मालकांचं म्हणणं होतं की ही नोकरी नाहीच. २०१४ मध्ये काही माजी मायनर लीग खेळाडूंनी किमान वेतनासाठी दावा लावला. तो चालू असतानाच, मार्च २०१८ मध्ये, दोन हजारांहून जास्त पानांच्या खर्चाच्या विधेयकात एक कलम गुपचूप येऊन बसलं. नाव काय, तर ‘अमेरिकेचा राष्ट्रीय छंद वाचवा’ कायदा. त्याचा अर्थ एवढाच: खेळाडूनं प्रत्यक्ष कितीही तास घालवले तरी आठवड्याला चाळीस तासांचं किमान वेतन दिलं की झालं, तेही फक्त हंगामापुरतं. छंद वाचवायचा म्हणून कामगार कायद्यातून माणसं वगळायची. असल्या नावांचे कायदे आपल्याही ओळखीचे आहेत.

दावा शेवटी २०२२ मध्ये १८ कोटी ५० लाख डॉलरवर मिटला. त्याच वर्षी संघांनी राहण्याची सोय करायला सुरुवात केली, सप्टेंबरमध्ये मायनर लीगचे खेळाडू मेजर लीगच्या खेळाडू संघटनेत सामील झाले, आणि २०२३ च्या वसंतात पहिला सामूहिक करार झाला. खालच्या पायरीला १९,८०० डॉलर, ट्रिपल-एला ३५,८००. दुपटीहून जास्त. चांगली गोष्ट आहे, आणि ती कोणाच्या दानतीमुळे झालेली नाही. तरीही बाजूला ठेवून बघा: मेजर लीगमधलं किमान वेतन २०२५ मध्ये ७ लाख ६० हजार डॉलर होतं. मेजर लीगच्या पेन्शनला लायक व्हायला तिथे ४३ दिवस काढावे लागतात. दहा वर्षं ट्रिपल-एमध्ये चेंडू पकडले आणि वर एकही दिवस मिळाला नाही, तर त्या पेन्शनच्या खात्यावर शून्य.

यावर उत्तर ठरलेलं असतं. कोणी जबरदस्ती केली होती का? आवडीनं आले, स्वप्न बघून आले, त्यांना खेळायला मिळतंय हेच भाग्य. हा युक्तिवाद मराठी माणसाला नाटकाच्या बॅकस्टेजपासून वृत्तपत्राच्या स्ट्रिंगरपर्यंत सगळीकडे ऐकायला मिळालेला आहे. आवड ही माणसाची खासगी मिळकत आहे. तिच्यावर मालकानं सूट का मागावी? शिवाय ज्या स्वप्नाचे पैसे कापले जातात ते मेजर लीगमध्ये खेळण्याचं असतं, आणि संघ ज्यासाठी त्याला ठेवतो ते काम वेगळंच असतं. कामाचे पैसे द्या, स्वप्नाचं तो बघून घेईल.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. आता गुणवत्ता मोजायला कॅमेरे आहेत, गणिती आहेत. मग वीसबावीस वर्षांच्या पोरांना बसमध्ये दहा वर्षं मुरवायचं कशाला? संघांनी याचं उत्तर कृतीतून दिलंच आहे. २०२१ मध्ये निवडीच्या फेऱ्या ४० वरून २० वर आल्या, मेजर लीगशी जोडलेले मायनर संघ १६० वरून १२० झाले, आणि २०२४ पासून एका क्लबला अमेरिकेतल्या यादीत १८० ऐवजी १६५ खेळाडू ठेवता येतात. म्हणजे पगार वाढले, पण शाळेतले बाकही कमी झाले. ज्याला निवडीत कोणी घेतलं नाही असा क्रेग अल्बर्नाझ मायनर लीगमध्ये नऊ हंगाम कॅचिंग करत राहिला, व्होटचा क्लीव्हलँडमधला उजवा हात झाला आणि २०२५ च्या शेवटी बॉल्टिमोरचा मॅनेजर झाला. आजच्या गणितात असा पोरगा दुसऱ्या वर्षीच घरी गेला असता.

गणितावर माझा राग नाही. उलट २०२६ पासून स्ट्राइकवर, म्हणजे चेंडू बॅटरच्या टप्प्यातला होता की नाही या पंचाच्या निर्णयावर, दाद मागायची यंत्रणा मेजर लीगमध्ये येणार असं ठरलं, तेव्हा दाद मागायचा हक्क कोणाला दिला? बॅटरला, पिचरला आणि कॅचरला. डगआउटमधून मॅनेजरनंही सांगायचं नाही. डोक्यावर टपली मारायची की झालं. संघाकडे दोनच संधी, चुकली की एक गेली. म्हणजे यंत्र आलं तरी कधी बोलायचं आणि कधी गप्प बसायचं हे उकिडवं बसलेल्यालाच ठरवावं लागणार. ही जाण संगणकावर शिकवून येत नाही.

आपल्याकडचा एक दाखला देऊन पुढे जातो. चंद्रकांत पंडित हे मुंबईचे यष्टिरक्षक, वाट्याला पाच कसोटी सामने आले. प्रशिक्षक म्हणून त्यांनी मुंबई, विदर्भ आणि मध्य प्रदेश अशा तीन संघांना सहा रणजी करंडक मिळवून दिले. अमोल मुझुमदारांना अकरा हजारांवर प्रथमश्रेणी धावा करूनही भारताची टोपी मिळाली नाही, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये नवी मुंबईत महिला संघानं विश्वचषक जिंकला तो त्यांच्या हाताखाली. दोन्ही वेळा आपण ‘न्याय झाला’ म्हणून डोळे पुसले. देशांतर्गत क्रिकेट हीही एक शाळा आहे आणि तिच्यात खर्च करायला हवा, असं कोणी म्हटल्याचं मात्र मला आठवत नाही.

आता दारातून परत पाठवलेल्यांकडे येऊ, कारण कौतुकाच्या सगळ्या लेखांत हा भाग गाळलेला असतो. कॅचर हा मैदानावरचा मेंदू, असं अमेरिकेत लहानपणापासून शिकवतात. मग ती जागा द्यायची कोणाला? काळ्या पोरांच्या पायात वेग आहे म्हणून त्यांना बाहेरच्या फील्डमध्ये पाठवायचं आणि विचाराची जागा दुसऱ्यांना, असा कल दशकानुदशकं राहिला. आज मेजर लीगमध्ये आफ्रिकन-अमेरिकन कॅचर शोधावा लागतो. कॅचरमधून मॅनेजर निघत असतील तर ज्यांना कॅचर होऊ दिलं नाही त्यांची मॅनेजर व्हायची वाटही तिथेच अरुंद होते. निवडसमितीला वाईट दिसायचीसुद्धा गरज राहत नाही. गाळणी आधीच लागलेली असते, बाराव्या वर्षी.

कुवतीचा प्रश्न नव्हता, हे १९४६ मध्येच दिसलं होतं. न्यू हॅम्पशायरमधल्या नॅशुआचा छोटा संघ, मॅनेजर वॉल्टर आल्स्टन. त्यानं आपल्या चोवीस वर्षांच्या कॅचरला आधीच सांगून ठेवलं होतं: मला पंचानं बाहेर काढलं तर संघ तू चालवायचा. हा कॅचर म्हणजे रॉय कँपानेला, आफ्रिकन-अमेरिकन आईचा आणि इटालियन बापाचा मुलगा. मेजर लीगची दारं काळ्यांना अजून बंद होती. आणि एका सामन्यात आल्स्टनला खरंच बाहेर काढलं. संघ मागे होता. कँपानेलानं बदली बॅटर म्हणून कोणाला पाठवावं? डॉन न्यूकम या पिचरला, म्हणजे बॅटिंगसाठी न ठेवलेल्या माणसाला. बघणाऱ्यांनी कपाळाला हात लावला असेल. न्यूकमनं होमरन मारला आणि नॅशुआ जिंकलं. त्यानंतर मेजर लीगला पहिला काळा मॅनेजर मिळायला १९७५ उजाडलं. तो होता फ्रँक रॉबिन्सन, त्याच क्लीव्हलँडमध्ये, आणि तो अर्थातच कॅचर नव्हता.

कँपानेला स्वतः १९५८ च्या मोटार अपघातात कायमचा चाकाच्या खुर्चीत गेला. त्यामुळे तो मॅनेजर झाला असता का, या प्रश्नाला उत्तर नाही. पण न्यू यॉर्क यँकीजच्या तीन कॅचरांची गोष्ट आहे, तिला उत्तर आहे. राल्फ हाउक आठ हंगामांत मिळून ९१ सामने खेळला; बाकीचा वेळ योगी बेराच्या मागे बाकावर. १९६१ मध्ये तो मॅनेजर झाला आणि पहिल्या दोन्ही वर्षी वर्ल्ड सिरीज जिंकला. दुसरा खुद्द बेरा, दंतकथाच तो. १९६४ मध्ये मॅनेजर. तिसरा एल्स्टन हॉवर्ड, १९५५ मध्ये यँकीजकडून खेळलेला पहिला काळा खेळाडू, १९६३ मध्ये अमेरिकन लीगचा सर्वोत्तम खेळाडू, आणि १९६९ पासून यँकीजचाच कोच. हाउकइतकं बाकावर बसून शिकणं म्हणाल तर बेराच्या सावलीत हॉवर्डनंही ते केलं. १८ जून १९७७ ला बॉस्टनच्या मैदानावर, यँकीजच्या डगआउटमध्ये, देशभर टीव्हीवर सामना चालू असताना, मॅनेजर बिली मार्टिन आपल्याच खेळाडूच्या, रेजी जॅक्सनच्या, अंगावर धावून गेला. त्याला धरून ठेवायला दोन कोच मध्ये पडले: बेरा आणि हॉवर्ड. संघ कोण सांभाळत होतं हे त्या चित्रात दिसतं.

त्या दशकात हाउकनंतर व्हर्डन आला, मार्टिन आला, लेमन आला, मार्टिन परत आला. हॉवर्डचा नंबर लागला नाही, यँकीजमध्येही नाही आणि दुसरीकडेही नाही.

तेव्हा मागणी काय? मेजर लीगचा सामूहिक करार १ डिसेंबर २०२६ ला संपतो, मायनर लीगचा २०२७ नंतर. वाटाघाटींत पगाराची कमाल मर्यादा, टीव्हीचे हक्क, बड्या शहरांचे बडे संघ यांवर महिनोन्महिने भांडण होईल. त्या टेबलावर तीन साध्या गोष्टी यायला हव्यात. मायनर लीगमधली वर्षं पेन्शनमध्ये धरा. जो कॅचर मुळात इतरांना घडवण्यासाठी ठेवलाय त्याला खेळाडूच्या वेतनावर कोचचं मानधन द्या, तेही तो खेळत असतानाच. आणि क्लब अकादमीत पोरं घेतात तेव्हा ‘अज्ञानाची अवजारं’ कोणाच्या अंगावर चढवली जातात, त्याचा हिशेब दरवर्षी जाहीर करा. पैशाच्या दृष्टीनं हे किरकोळ आहे. एका मधल्या दर्जाच्या पिचरच्या करारात निघेल.

मालक म्हणतील, याची काय गरज, आम्ही आमच्या माणसांचा मान राखतोच. राखतात, नाही असं नाही. २१ जुलै १९८४ ला यँकीजनं एल्स्टन हॉवर्डचा ३२ नंबर समारंभपूर्वक निवृत्त केला, म्हणजे तो पुन्हा कोणाला द्यायचा नाही असं ठरवलं. हॉवर्डला जाऊन साडेतीन वर्षं झाली होती. त्या दिवशी यँकीजचा मॅनेजर होता योगी बेरा.